शेवटचं प्रकरण आधी

टेकडीवाडीत वाचनालय आलं ते आगीनंतर. घाटकोपरच्या पश्चिमेला चढावर वसलेली ती वस्ती. वरच्या अंगाला कोकणातून आलेली गिरणीतल्या माणसांची घरं, खालच्या अंगाला नगर-साताऱ्याकडची बौद्ध घरं, आणि मधल्या बोळांत दोन्हींची सरमिसळ. ब्याऐंशीच्या उन्हाळ्यात भर दुपारी खालची रांग पेटली. गिरण्यांचा संप चालू होता. निम्मे पुरुष गावी निघून गेलेले, उरलेले कामाच्या शोधात बाहेर. बाया कळश्या घेऊन सिमेंटच्या टाकीकडे धावल्या, तर टाकी कोरडी. दोन बायका जळून गेल्या. त्यातली एक गुणाजी परबांची बायको, जानकी; परब कोकणातले, पण बिऱ्हाड खालच्या रांगेत. पंचनाम्यात स्टोव्हचा भडका असं लिहिलं गेलं आणि सगळ्यांनी ते मान्य केलं. मान्य न करून जाणार कुठे?

दुसऱ्याच दिवशी कुंडलिक अण्णा मदतीला उभे राहिले. वस्तीतलं पान अण्णांशिवाय हलत नसे. नळ कुठे बसवायचा, झोपडी कोणाला द्यायची, भांडण कोणी मिटवायचं, सगळं तेच ठरवत. त्यांनी तांदळाची पोती आणली, चादरी वाटल्या, पत्रे आणले. जुन्या जागेवर पुन्हा घरं बांधणं धोक्याचं आहे म्हणाले, आणि खालच्या रांगेला टेकडीच्या मागच्या उतारावर जागा आखून दिली. जळालेल्या जागेवर वर्षभरात एक लांबलचक गोदाम उभं राहिलं. ते कोणाचं, हे कोणी विचारलं नाही. विहाराला लागून अण्णांनी एक खोलीही बांधली, तिला वाचनालय म्हटलं आणि दारावर मोठ्या अक्षरांत आपलं नाव रंगवून घेतलं.

त्या खोलीत रोज दुपारनंतर शकु बसायची. शकु भालेराव. नवरा धोंडिराम विक्रोळीला एका कारखान्यात लेथवर होता. शकु मॅट्रिकला गणितात गेली ती गेली, पण वाचनाचं वेड सुटलं नाही. मुलुंड-भांडुपच्या लोकांनी रद्दीऐवजी दिलेली पुस्तकं ती शिवून, कव्हरं घालून ठेवायची. बायका यायच्या आणि पुस्तक हातात घेण्याआधी विचारायच्या, "शेवट गोड आहे ना गं?" शकु खरं सांगायची. शेवट वाईट असला तर म्हणायची, "रडायची तयारी असेल तर ने." कोणाला काय सोसेल याचा तिला चांगला अंदाज होता. स्वतःच्या बाबतीत मात्र तो चुकला.

चौऱ्याऐंशीच्या दिवाळीत जयवंत एका कादंबरीच्या पाच प्रती वर्तमानपत्रात गुंडाळून घेऊन आला. जयवंत वस्तीतच वाढलेला. पोस्टात टपाल निवडायच्या कामाला लागला आणि लग्नानंतर मुलुंडला एका खोलीत राहायला गेला. आग लागली तेव्हा तो इथे नव्हता. नंतर मात्र कितीतरी रविवार तो येत राहिला. प्रत्येक घरात बसायचा, चहा प्यायचा, विचारायचा, की त्या दिवशी तू कुठे होतास, तू काय पाहिलंस. आपलाच पोरगा म्हणून लोक बोलले. कोणी एवढंसं सांगितलं, कोणी तेवढंसं. पुढे विसरून गेले.

"शकुताई, छापून आली," तो म्हणाला. "पहिली तुम्ही वाचा."

कादंबरीचं नाव होतं 'राखेआधी'. शकुने भाकरी थापता थापता, भाजी शिजता शिजता ती वाचली. सुरुवातीलाच तिला घोटाळा वाटला. पहिल्या प्रकरणात आग लागून गेलेली होती. 'नाना' नावाचा पुढारी जळालेल्या वस्तीला तांदूळ वाटत होता, म्हाताऱ्यांच्या अंगावर चादर घालत होता. दुसऱ्या प्रकरणात त्याच्या आदल्या दिवशीची आग. तिसऱ्यात आगीच्या दिवशीची दुपार, ती भडकण्याआधीची. मग एकदम काही महिने आधी, मग त्याच्याही आधी. कोणीतरी मोटारीतून येऊन खालच्या रांगेकडे बोट दाखवतो तो दिवस. माणसं मेलेली वाचायची आणि मग पानं उलटत गेलं की ती उठून बसायची, हसायची, नवऱ्याशी भांडायची. शकुला पुस्तक खाली ठेववेना.

आणि मग शेवटचं प्रकरण. तेवढं एकच पुन्हा आगीच्या दिवशी परत येत होतं, त्या सकाळी. त्यात काहीच घडत नव्हतं. एक माणूस पाण्याची टाकी रिकामी करत होता आणि हिरव्या लुगड्यातली एक बाई कळशी घेऊन त्याला विचारत होती, काल तर धुतली ना टाकी, आज परत कशाला?

शकुने पुस्तक मिटलं. हे वाक्य तिचं होतं. तिनेच ते त्या सकाळी लवूला विचारलं होतं, आणि तिनेच ते एका रविवारी जयवंतला सांगितलं होतं. लवू म्हणजे अण्णांचा माणूस. त्याने काय उत्तर दिलं तेही पुस्तकात जसंच्या तसं होतं.

"अहो," तिने नवऱ्याला हाक मारली. "हे वाचा."

धोंडिरामने तेवढंच प्रकरण वाचलं. मग दार लोटून घेतलं.

"कोणाला दिलीस का ही?"

"अजून नाही."

"देऊ नको."

पण दुसऱ्याच दिवशी जयवंतच्या मावशीने सगळ्या बोळात सांगितलं की आपल्या जयवंताने आपल्या वस्तीवर पुस्तक लिहिलंय. पाचही प्रती एका संध्याकाळी गेल्या. शकु नाही कोणत्या तोंडाने म्हणणार?

वस्तीत त्या पुस्तकावरून दोन तट पडले. महापालिकेच्या शाळेतल्या लताबाई ती परत करायला आल्या त्या खूश होऊन. "काय लिहिलंय गं. शेवट आधीच कळलाय, म्हणून पुढचं प्रत्येक साधं वाक्य बोचतं. कोणी नुसतं चहा प्यायला बसलं तरी वाटतं, ऊठ, घराबाहेर हो." त्यांच्यामागे उभा असलेला रिक्षावाला चंद्रप्रकाश म्हणाला, "बाई, मला काय झेपलं नाही. मेलेली बाई पुढच्या पानावर जिवंत. छापखान्यात पानं उलटी लावली असं वाटलं मला. वाट लागली डोक्याची. मी तर तिसऱ्या प्रकरणात सोडली." कोणी म्हणालं, हे शिकलेल्या लोकांचे चाळे आहेत, गोष्ट सरळ सांगायला काय झालं. एक जण म्हणाला, आम्ही आग डोळ्यांनी पाहिली, तीच विकत घेऊन परत कशाला वाचायची. दोन-तीन बायकांनी मात्र ती पुन्हा मागून नेली, आणि परत केली तेव्हा काही बोलल्या नाहीत.

शकुच्या लवकरच लक्षात आलं. जे अर्ध्यात सोडत होते ते मोठ्याने बोलत होते. जे शेवटापर्यंत पोचत होते ते गप्प होत होते. पुस्तक परत करताना तिच्याकडे जरा जास्त वेळ पाहत होते.

चंपाही पुस्तक घेऊन गेली होती. चंपा अण्णांची मावसबहीण, शिवणकाम करायची. खालच्या रांगेतलं तिचंही घर जळालं होतं, पण तिचं शिलाई मशीन आणि ट्रंक वाचली, कारण ती आदल्या दिवशीच वर बहिणीकडे राहायला गेली होती. नशीब म्हणायचं, असं सगळे म्हणत आले होते. चंपाने पुस्तक टेबलावर ठेवलं.

"किती वाचलीस?" शकुने विचारलं.

"अर्धी."

"पुढे?"

"पुढे नाही वाचणार मी," चंपा म्हणाली. तिचं बोट अजून पुस्तकात होतं, आणि ते शेवटच्या पानांमध्ये होतं.

नववर्ष लागलं आणि महापालिकेच्या निवडणुकीचे वारे वाहू लागले. अण्णा अपक्ष उभे राहणार हे नक्की झालं. एक दिवस ते स्वतः वाचनालयात आले, बरोबर लवू. अण्णांचा चेहरा खुललेला होता.

"शकु, त्या पुस्तकातला नाना म्हणजे आपणच ना?"

शकुने हातातलं पुस्तक खाली ठेवलं. तिने मान हलवली.

"पुतण्याने वाचून दाखवली. चाळीसेक पानं. झकास लिहिलंय पोराने. मी त्या म्हातारीच्या अंगावर चादर घालतो ना, तिथे तर माझ्याच डोळ्यांत पाणी आलं. पुढे सगळं उलटंसुलटं आहे म्हणे, मला तेवढा वेळ कुठे." अण्णांनी खोलीभर नजर फिरवली. "आपण सत्कार करू त्याचा. विहारासमोर मांडव घालू. माईक लावू. तू दोन पानं वाचून दाखव. तुझा आवाज चांगला आहे."

लवू दाराला टेकून उभा होता. तो पुस्तकाकडे नव्हे, शकुकडे बघत होता. त्याला वाचता येत नव्हतं. पण कोणीतरी त्याला काहीतरी सांगितलं असावं, असं तिला त्या नजरेवरून वाटलं.

सत्काराची बातमी कळली तसा जयवंत धावत आला. तो पाणी मागून प्यायला आणि भांडं हातातच धरून बसला.

"शकुताई, पहिलंच प्रकरण वाचा. तांदळाचं. दुसरं काही वाचू नका."

"तू हे असं उलटं का लिहिलंस?"

"सरळ लिहिली असती तर पहिल्या पानावर टाकी आली असती. पहिल्या पानावर माझी मान पकडली असती त्यांनी." तो खाली बघत म्हणाला. "मला वाटलं, मागून सुरू केलं की माणूस तांदूळ वाचून खूश होईल आणि सोडून देईल. ज्याला खरंच जाणून घ्यायचंय तोच शेवटापर्यंत येईल."

"आणि माझं वाक्य? ते घालताना मला विचारावंसं नाही वाटलं?"

जयवंतने भांडं खाली ठेवलं आणि चपला पायात सरकवल्या.

घरी धोंडिरामचं एकच म्हणणं होतं. "त्या दिवशी आजारी पड. ताप आला म्हण."

"मग दुसरं कोणी वाचेल."

"वाचू दे ना. तू तिथे नसलीस म्हणजे झालं."

शकुलाही ते पटलं होतं. आजारी पडायचं तिने जवळजवळ ठरवलंच होतं. पण कार्यक्रमाच्या आधी गुणाजीमामा वाचनालयात आले. साठी ओलांडलेला माणूस. गिरणी सुटली, बायको गेली, डोळ्यांत मोतीबिंदू उतरला. आग लागली तेव्हा ते संपामुळे गावी होते, मालवणजवळ. तार मिळून ते इथे पोचले तेव्हा जानकीचं सगळं उरकून गेलं होतं. चेहरासुद्धा बघायला मिळाला नाही.

"शकु, तू वाचतलंस मां? मग मी येतंय. लोकांक विचारलंय तर धड कोण सांगत नाय. तू वाच, मी ऐकतंय."

ते काठी टेकत गेले. शकु आजारी पडली नाही.

रविवारी संध्याकाळी विहारासमोर मांडव गच्च भरला होता. पताका, गॅसबत्तीसारखे पांढरे दिवे, कर्णे दोन. अण्णा मधल्या खुर्चीत, गळ्यात हार. त्यांच्या शेजारी जयवंत, अंगावर शाल, मांडीवर नारळ; तो नखांनी नारळाची शेंडी उपटत बसला होता. लवू माईकच्या मशीनपाशी. बायकांच्या बाजूला मागे चंपा. भाषणं झाली. अण्णा म्हणाले, आपल्या वस्तीचं नाव या पोराने पुस्तकात नेलं. टाळ्या पडल्या. मग शकुला बोलावलं.

तिने पहिलं प्रकरण उघडलं. "सकाळी नाना आले तेव्हा राखेतून अजून धूर निघत होता," एवढंच वाचून झालं होतं, तोच पुढच्या सतरंजीवरून गुणाजीमामांचा आवाज आला.

"थांब गो जरा."

शकु थांबली.

"ह्या माका ठाऊक आसा. राख मी बघितलंय. शेवट सगळ्यांका ठाऊक आसा. आदी काय झाला ता वाच. मी नव्हतंय तेव्हा."

मांडवात कुजबुज झाली. कोणीतरी हसलं. लताबाई म्हणाल्या, "मामा, कादंबरी तशीच लिहिलीय, उलटी." मामांनी मान हलवली. "मगे पाठचा पयला वाच. काय बिघडला?"

अण्णांनी हात वर केला, तशी कुजबुज थांबली. ते मोठ्या मनाने हसले. "म्हातारा बरोबर बोलतोय. मला पण ते उलटं काय झेपलं नव्हतं. शकु, सुरुवात मागे आहे ना? मग मागून घे. शेवटचं प्रकरण आधी वाच. माणसाला कळायला नको?"

शकुने जयवंतकडे पाहिलं. त्याने मान अगदी हळू, डावीकडून उजवीकडे हलवली. तिने धोंडिरामकडे पाहिलं. तो खांबाला धरून उभा होता, आणि त्याच्या चेहऱ्यावरून ती काहीच ओळखू शकली नाही. मग तिने गुणाजीमामांकडे पाहिलं. त्यांनी कान पुढे केला होता.

तिने मागची पानं उघडली.

"पाणी येऊन गेलं होतं," ती वाचू लागली. "टाकी काठोकाठ भरली होती. तळाच्या तोटीपाशी नानांचा माणूस उकिडवा बसला होता आणि पाणी उताराने वाहून चाललं होतं. हिरव्या लुगड्यातल्या बाईने कळशी खाली ठेवली. काल तर धुतली ना टाकी, आज परत कशाला? तो म्हणाला, नानांनी सांगितलंय."

शकुला आपलाच आवाज दोन्ही कर्ण्यांतून टेकडीवर आपटून परत येताना ऐकू येत होता.

"वरच्या बाजूने एक हातगाडी चालली होती. गाडीवर शिलाई मशीन, त्यावर ट्रंक. बाईने विचारलं, कुठं गं निघालीस? मशीनवाली म्हणाली, कालच वर गेले बहिणीकडं राहायला. राहिलेलं सामान नेते. चार दिवस राहीन म्हणते."

आवाज एकदम बंद पडला. लवूने वायर ओढली होती. तो मशीनवर वाकून काहीतरी दुरुस्त करत असल्यासारखा हात हलवत होता. शकु क्षणभर थांबली. तेवढ्यात मागची माणसं उठली आणि पुढे सरकली. खुर्च्या बाजूला झाल्या, बायका दाटीने जवळ आल्या, पोरांना मांडीवर घेतलं गेलं. कर्ण्यावर ऐकणारी सगळी माणसं आता तिच्यापासून हातभर अंतरावर येऊन उभी राहिली होती. तिने साध्या आवाजात पुढे वाचलं.

"ऊन चढायला लागलं होतं. तळाशी उरलेल्या पाण्यातून बाईने अर्धी कळशी भरून घेतली, आणि ती घरी गेली."

प्रकरण संपलं. त्यात आग नव्हती, कोणावर आरोप नव्हता. ज्याला आग माहीत नाही त्याला त्यातून काही कळलं नसतं. पण त्या मांडवात असा एकही माणूस नव्हता. एकेकाने आपापल्या जवळचं तेवढंसं इतकी वर्षं जपून ठेवलं होतं. आज ते सगळं एका जागी आलं. लोक आधी लवूकडे वळले. मग चंपाला शोधू लागले. चंपा डोक्यावरून पदर ओढून निघाली होती.

"शकु," गुणाजीमामा म्हणाले, "ती हिरव्या लुगड्यातली तूच काय?"

"मीच, मामा."

"आनि जानकी? ती खंय होती तेव्हा?"

शकुला वाटलं होतं की हे कोणी विचारणार नाही. पुस्तकातही ते नव्हतं. जयवंतला तिने ते सांगितलंच नव्हतं.

"माझ्या मागे रांगेत होती," ती म्हणाली. "तिचा नंबर आला तेव्हा पाणी संपलं. रिकामी कळशी घेऊन घरी गेली."

गुणाजीमामांनी मान खाली घातली. कोणी त्यांच्या खांद्यावर हात ठेवला नाही. कोणाची हिंमत झाली नाही.

अण्णा सावकाश उठले. गळ्यातला हार काढून त्यांनी टेबलावर नीट गोल करून ठेवला. "छान लिहिलंय," ते म्हणाले. "चहा केलाय, सगळ्यांनी घेऊन जा." आणि लवूला बरोबर न घेता एकटेच मांडवाबाहेर गेले. चहा कोणी घेतला नाही. पातेलं तसंच निवलं.

त्या आठवड्यात मुलुंडला जयवंतच्या घरी दोन अनोळखी माणसं गेली. तो घरी नव्हता. त्यांनी त्याच्या बायकोला कुंदाला फक्त एवढंच विचारलं की मुलगी कोणत्या शाळेत जाते. जयवंतने बदलीचा अर्ज केला आणि मार्च संपायच्या आत बिऱ्हाड नागपूरला हलवलं. जाताना तो टेकडीवाडीत आला नाही. शकुला त्याचा राग आला, आणि मग त्याच्या मुलीची आठवण येऊन तो रागही धड टिकला नाही.

धोंडिराम तिला एका शब्दानेही बोलला नाही. त्याने कुठूनतरी पत्र्याचं पिंप आणलं, दाराशी ठेवलं आणि भरलं. पिंपाच्या तोंडावर ओली पोती टाकून ठेवली. दोन दिवसांनी शेजारच्या दारात पिंप आलं. मग त्याच्या शेजारी. मागच्या उतारावरच्या प्रत्येक दारात पाणी आणि ओलं पोतं दिसू लागलं. कशासाठी, हे कोणी कोणाला विचारत नव्हतं. दुपारी पुरुष कामावर गेले की बायका आलटून पालटून बोळाच्या तोंडाशी शेंगा सोलत, गहू निवडत बसायच्या. कोणाकडे निवडायला गहू नसला तरी सूप घेऊन बसायची.

अण्णा वाचनालयात आले तेव्हा टळटळीत ऊन होतं. या वेळी एकटेच होते. शकुच्या समोरच्या बाकावर बसले आणि रुमालाने मान पुसली.

"काल पूर्ण वाचून घेतली मी," ते म्हणाले. "पुतण्याला सांगितलं, एक पान सोडू नको. पहिल्या चाळीस पानांत मी तांदूळ वाटतो. ते खोटं आहे का?"

"नाही."

"चादरी?"

"दिल्यात तुम्ही. माझ्या घरी अजून आहे."

"मग? पुढून वाचणाऱ्यांना मी देव वाटतो, मागून वाचणाऱ्यांना राक्षस. पुस्तक एकच, माणूस एकच." त्यांनी रुमालाची घडी घातली. "तू लोकांना सांग, ही कादंबरी आहे. कादंबरी खोटी असते. तू एवढी वाचणारी बाई, तुझं ऐकतील."

"मी टाकीपाशी होते, अण्णा."

अण्णा तिच्याकडे बघत राहिले. त्यांच्या नजरेत राग नव्हता.

"तेच तर," ते म्हणाले. "तू होतीस." मग हात पुढे केला. "किल्ली दे. खोली माझी आहे."

तिने कमरेची किल्ली काढून दिली. तिच्यादेखत त्यांनी कुलूप लावलं, ओढून पाहिलं. "उन्हाळा आलाय," जाता जाता म्हणाले. "जपून राहा."

खोली बंद झाली, तरी 'राखेआधी'च्या पाचही प्रती बाहेर होत्या, कारण सत्कारानंतर लोकांनी त्या पुन्हा नेल्या होत्या आणि कोणी परतच केल्या नव्हत्या. त्या आता शकुच्या हातून न जाता घरोघर फिरत राहिल्या. चंद्रप्रकाशने तिसऱ्या प्रकरणात सोडलेली पुन्हा धरली. या खेपेला त्याने शेवटापासून पुढे वाचली, आणि रिक्षात सीटखाली ठेवून वरच्या गल्लीतल्या लोकांना देऊ लागला. वरच्या गल्लीत अजून बरेच जण अण्णांच्या बाजूचे होते. त्यांचं म्हणणं, तांदूळ पोटात गेला तेव्हा गोड लागला ना. त्यावरून नळावर भांडणं झाली, एक साखरपुडा मोडला.

निवडणुकीत अण्णा पडले. त्या दिवशी त्यांच्या घरासमोर आणलेले फटाके न वाजता परत गेले, आणि टेकडीवाडीतल्या कोणालाही त्याचा आनंद करवला नाही. उलट दारादारांतली पिंपं काठोकाठ भरली गेली.

त्यानंतर शकु आणि गुणाजीमामा चौकीवर गेले. हवालदाराने हाकलून दिलं. स्टोव्हचा भडका, केस बंद, तीन वर्षं झोपला होतात का, म्हणाला. ते परत गेले. परत हाकलले गेले. लताबाईंनी एका वकिलाला गाठलं आणि मग कुठे जबाब घेतले गेले. सगळ्यांना आश्चर्य वाटलं ते वेगळ्याच गोष्टीचं. चंपा आपण होऊन आली. पदर तोंडाशी धरून तिने सांगितलं की अण्णांनी तिला फक्त एवढंच म्हटलं होतं, चार दिवस वर जाऊन राहा. का, ते तिने विचारलं नव्हतं. विचारलं असतं तर त्यांनी सांगितलं असतं की नाही, हे तिला माहीत नव्हतं. "पण मी विचारलंच नाही," असं ती दोनदा म्हणाली.

लवूला धरलं, त्याने अण्णांचं नाव घेतलं. अण्णांना पकडलं आणि दोघंही जामिनावर सुटून आले. खटला उभा राहिला आणि तारखा पडू लागल्या. एकदा साहेब रजेवर, एकदा कागद सापडेनात. सत्याऐंशीत लवूचा पत्ताच लागेनासा झाला. कोणी म्हणे गोराईकडे कुठल्या बंगल्यावर राखणीला आहे, कोणी म्हणे नाहीच आहे. पुढच्या तारखेला चंपाने जबाब फिरवला. कोर्टाच्या आवारात ती शकुच्या अंगावरून गेली, थांबली नाही. तिच्या मनगटावर काळानिळा डाग होता.

राहिल्या त्या शकु आणि त्या सकाळी टाकीपाशी असलेल्या आणखी दोन बायका. मग त्या दोघींतली एक गावी निघून गेली.

अठ्ठ्याऐंशीच्या थंडीत शकुच्या साक्षीची तारीख लागली. धोंडिरामने रजा मागितली होती, मिळाली नाही. तो दारात उभा राहून म्हणाला, "मामांचा हात सोडू नको." सकाळी शकु आणि गुणाजीमामा टेकडी उतरू लागले. मामांना आता एका डोळ्याने अंधुक दिसायचं. ते तिचा दंड धरून पाय टाकत होते. जुन्या टाकीशेजारून, गोदामाच्या भिंतीच्या कडेने उतार जात होता. गोदामाचं दार उघडं होतं आणि आतून हमाल बाहेर बघत होते.

मागून गाडीचा आवाज आला. पांढरी अँबॅसिडर त्यांच्या शेजारी येऊन हळू झाली. मागच्या खिडकीतून अण्णांनी डोकं बाहेर काढलं. केस पिकले होते, पण हसणं तेच होतं.

"कोर्टातच ना? बसा. मी पण तिकडेच चाललोय."

शकुने मामांच्या हातावरची पकड घट्ट केली.

"आमी चलत जातंव," गुणाजीमामा म्हणाले.

"जशी मर्जी."

काच वर गेली. गाडी मात्र पुढे गेली नाही. ते दोघं ज्या चालीने उतरत होते त्याच चालीने ती त्यांच्या मागे मागे येत राहिली. पुढे रस्ता अरुंद झाला, बाजूला व्हायला जागा उरली नाही. इंजिनाची ऊब शकुच्या पोटऱ्यांना लागत होती. तिने मागे वळून पाहिलं नाही. मामांनी विचारलं, "गेलो काय तो?"

"नाही," शकु म्हणाली. "तुम्ही पायाखाली बघा."

आणि दोघं तसेच उतार उतरत राहिले.